आत्तीच्या पाटावरच्या शेवया: हे हातात कसं आणायचं?

चिखलीची_लेक | १० एप्रिल

"औंदा मी पाटावर बसतो, पुढच्या साली न्हाई. गुडघं ऐकंनात. शिकायचं आसंल तर औंदाच शिक."

गेल्या रविवारी आत्ती असं म्हणाली आणि तेव्हापासून ते वाक्य डोक्यातून जात नाही. (आमच्याकडच्या जुन्या बायका 'मी बसतो, मी करतो' असंच बोलतात. बाहेरच्यांनी गोंधळू नये.) आत्ती ७८ वर्षांची आहे. आमच्या भावकीत पाटावरच्या शेवया येणारी आता ती एकटीच.

माझं माहेर प्रयाग चिखली. तिथल्या संगमापासून पुढे नदीला पंचगंगा म्हणतात. उन्हाळकामात सांडगे, पापड, कुरडया सगळं व्हायचं, पण मान शेवयांचा. सोऱ्याच्या नव्हेत, यंत्रावरच्या नव्हेत. पाटावर तळव्याने घासून तार काढायची आणि ओढून ओढून केसागत करायची, त्या. लेकीच्या रुखवतात त्यांची घडी जायची. पाहुणा दुपारी अवचित आला की शेवया उकडून, चाळणीत उपसून, वर गुळवणी आणि तुपाची धार. दहा मिनिटांत ताट पुढे.

ज्यांनी पाहिल्या नाहीत त्यांच्यासाठी थोडं सविस्तर लिहिते. पाट दोन हात लांब, टीचभर रुंद, फणसाच्या लाकडाचा. एक टोक बाजेवर, दुसरं खाली, असा उतरता ठेवायचा. आत्ती वरच्या टोकाला बसते. तिंबलेल्या पिठाचा लिंबाएवढा गोळा घेते आणि उजव्या तळव्याने पाटावर खाली घासत नेते. खालच्या टोकाला तार लोंबायला लागते. समोर बसलेली दुसरी बाई ती तार झेलते, हलक्या हाताने ओढते आणि तुरकाटीवर घेते. काठी भरली की सोप्यात दोन खुर्च्यांच्या पाठींवर आडवी टाकायची. उन्हात नाही, सावलीत. ऊन लागलं की शेवया कडक होऊन काठीवरच तुटतात.

लहानपणी मी काठ्या उचलून न्यायचे. सोप्यात शेवयांचे पडदे लागलेले असायचे आणि आम्हा पोरांना पळायची बंदी. त्या पडद्याखालून वाकून जाताना ओल्या रव्याचा वास यायचा. तो वास मला अजून येतो.

आता अडचणी. २०१९ च्या महापुरात पाट चार-पाच दिवस पाण्यात राहिला. गावच पाण्यात होतं, जनावरं सोडवायची का पाट, असा प्रश्नच नव्हता. पाणी उतरल्यावर पाट सापडला, पण त्याला बाक आला होता. मी मोठ्या हौसेने तो एका सुताराकडे दिला. त्याने रंधा मारून अगदी गुळगुळीत करून दिला. घरी आणल्यावर आत्तीने त्यावरून हात फिरवला आणि गप्प बसली. पाटावर बारीक आडव्या रेघा होत्या, तिच्या आजेसासूच्या वेळच्या. त्या गेल्या. आता पीठ वळतच नाही, नुसतं घसरतं. सुताराला रेघांचं सांगायला हवं होतं ते मी सांगितलं नाही, ही माझी चूक.

दुसरी अडचण मापाची. "रवा किती, सपीट (बारीक चाळलेलं पीठ) किती?" विचारलं तर म्हणते, "हाताला कळतंय." "पीठ किती मऊ?" तर म्हणते, "कानाच्या पाळीगत." मी चार वेळा करून बघितलं. वीतभर तार निघते आणि तुटते.

तर विचारायचं हे: रेघा परत कशा पाडाव्यात? गहू कुठला घ्यावा? आणि एवढ्या एका उन्हाळ्यात हे हातात येईल का? ज्यांच्या घरी होतं किंवा होतंय त्यांनी कृपया लिहा.

गिरणीपासली | १० एप्रिल

ताई, आमची हातकणंगले तालुक्यात पिढीजात गिरण. गव्हाचं मी सांगतो.

बाजारात लोकवन मिळतो, तो चपातीला चांगला. पण शेवयांचा रवा खपलीचा नाहीतर बन्सीचा. या दोन्हींचा दाणा कठीण, दळताना कणी पडते, लगेच पीठ होत नाही. खपली टरफलासकट मळून येतो, म्हणून आधी सडावा लागतो. शिरोळ-हातकणंगले भागात अजून लोक घरापुरता करतात. धारवाडच्या कृषी विद्यापीठाचा डीडीके १०२५ आणि पुण्याच्या आघारकर संस्थेचा एमएसीएस २९७१ हे खपलीचे सुधारित वाण आहेत, बुटके असल्याने लोळत नाहीत. बियाणं विचारताना नाव सांगितलं तर बरं पडतं.

मुख्य गोष्ट ओलवणं. दळायच्या आदल्या रात्री गव्हावर पाणी शिंपडायचं, चोळायचं, ओल्या धडप्यात बांधून ठेवायचं. सकाळी सावलीत तासभर पसरायचं. साल ओलसर आणि चिवट होते, आतला दाणा कोरडा राहतो. मग दळताना साल मोठ्या तुकड्यांनी सुटते आणि रवा पांढरा निघतो. हल्ली कुणी ओलवून आणतच नाही, आणि मग म्हणतात रव्यात कोंडा फार.

पिठाच्या गिरणीत दळलं तर गरम होतं. रव्यासाठी गिरणीचे दगड लांब ठेवून सावकाश दळायला सांगा. घरी जातं असेल तर सोन्याहून पिवळं.

चिखलीची_लेक | १० एप्रिल

दादा, मी लोकवनच वापरत होते! आणि ओलवलाही नव्हता. आत्ती "वलवून आण" म्हणाली होती, मला वाटलं धुवून आण म्हणते.

माळावरची | ११ एप्रिल

मला वेगळं बोलायचं आहे, राग मानू नका.

माझ्या आईने पंचवीस वर्षं शेवया केल्या. घरच्या, भावकीच्या, नणंदांच्या लेकींच्या रुखवताच्या. उजवं मनगट गेलं तिचं. आता दुधाची किटली उचलत नाही. आमच्या गावात बीडाचं (ओतीव लोखंडाचं) शेवयांचं यंत्र पहिल्यांदा आलं, बाजेला आवळून दांडा फिरवायचं, तेव्हा ती रडली होती. आनंदाने. परंपरा जपा म्हणणाऱ्यांनी कधी कुणाच्या जिवावर जपली जायची तेही लिहावं. मी यंत्राच्याच करते आणि मला त्याची लाज वाटत नाही.

चिखलीची_लेक | ११ एप्रिल

माळावरची ताई, राग कसला. तुमच्या आईंचं मनगट वाचून माझ्या आईची आठवण झाली. तिने शिकायला नकार दिला होता आणि घरात त्यावरून बोलणी खाल्ली. आज मला वाटतं तिचं बरोबर होतं. वर्षाला पंधरा-वीस किलो करणं माझ्याही मनात नाही. किलो-दोन किलो, आपल्या मर्जीने. दोघींना एका दुपारी जेवढं होतं तेवढंच.

रसायनवाली | ११ एप्रिल

तार का तुटते ते मी सांगू शकते, अन्नतंत्र शिकले आहे.

गव्हातल्या ग्लूटेनमध्ये मुख्य दोन प्रथिनं, ग्लायडिन आणि ग्लुटेनिन. ग्लायडिनमुळे पीठ ताणलं जातं, ग्लुटेनिनमुळे ते मागे ओढतं. नुकतंच मळलेलं पीठ मागे ओढतं, म्हणून तार आखडते नाहीतर तुटते. झाकून ठेवलं की ते ढिलं पडतं. रव्याला तर पाणी आत मुरायलाच वेळ लागतो. म्हणजे जुन्या बायका रात्री भिजवून सकाळी तिंबायच्या त्यामागे कारण आहे. निदान चार तास तरी ठेवा, ओल्या कपड्याखाली.

मिठाने ग्लूटेन घट्ट होतं, तार धरते. मीठ पाण्यात विरघळवूनच घाला. फार झालं तर पावसाळी हवेत शेवया ओल ओढतील. खपलीचं ग्लूटेन मुळात नाजूक असतं, त्यामुळे खपलीला जास्त मुरवणं आणि हलका हात. जोराने ओढाल तर कधीच जमणार नाही.

आणि यंत्राची शेवई नि ओढलेली शेवई यांत फरक आहे. यंत्रात पीठ दाबून भोकातून काढतात. ओढताना ग्लूटेनचे धागे तारेच्या लांबीच्या दिशेने सरळ होतात, म्हणून बारीक असूनही शिजल्यावर लगदा होत नाही. हे माळावरची ताईंना खोडायला लिहीत नाही. त्यांच्याशी मी सहमत आहे.

फणस_साग_शिसव | १२ एप्रिल

सुतारकाम करतो, राजारामपुरीत. त्या कारागिराला दोष देत नाही, रेघा बघून त्याला पाट खराब झालाय असंच वाटलं असणार.

रेघा पाडायला वेगळं हत्यार लागत नाही. हॅकसॉचं जुनं पातं घ्या. पाटावर लोखंडी पट्टी आडवी दाबून धरा आणि पात्याच्या दातांनी तीनदा ओढा. रेघ केसाएवढी खोल पुरे. पट्टी एक सूत (इंचाचा आठवा भाग) सरकवा, पुढची रेघ. सगळ्या झाल्या की पॉलिश पेपर मारू नका, नारळाच्या शेंडीने घासा. कूस निघून जाते, धार राहते. मग गोडं तेल लावून एक दिवस सावलीत. व्हार्निश चुकूनही नको, पिठात उतरतं.

बाक किती आहे? दोरी ताणून बघा. पाव इंचाच्या आत असेल तर बाकाची पोकळ बाजू वर ठेवा, काम चालतं. आणि आत्तींना एकदा विचारा की रेघा पाटभर होत्या का फक्त वरच्या अर्ध्यात. माझ्या आज्जीच्या पाटाला खालची वीतभर जागा गुळगुळीत होती.

चिखलीची_लेक | १२ एप्रिल

दादा, विचारलं. आत्ती म्हणाली, "खालती नव्हत्या. तिथनं तार सुटती, तिथं कशाला पायजेत?" तुम्ही विचारलं नसतं तर मी पाटभर पाडल्या असत्या.

नाराहून | १३ एप्रिल

मूळचा गडहिंग्लजचा, सध्या नोकरीसाठी जपानात, नारा भागात. धागा वाचून राहवलं नाही.

इथून जवळ मिवा नावाचं गाव आहे, तिथले सोमेन प्रसिद्ध. सोमेन म्हणजे गव्हाच्या अगदी बारीक शेवयाच. पीठ, मीठ, पाणी, आणि तार चिकटू नये म्हणून तेलाचा हात. दोन काठ्यांवर आठच्या आकड्यासारखी तार गुंडाळतात, मुरू देतात, मग खालची काठी हळूहळू ओढत लांबवतात. पुन्हा मुरवण, पुन्हा ओढ. शेवटी उंच लाकडी मांडण्यांवर पांढरे पडदे लागतात. मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा आमच्या घरचा सोपा आठवला आणि तिथेच उभा राहिलो. फरक एवढाच की हे लोक कडाक्याच्या थंडीत करतात, कोरड्या हवेत. आपण चैत्र-वैशाखात.

आत्तींचं 'कानाच्या पाळीगत' वाचून अंगावर काटा आला. इथेही पीठ किती मऊ मळायचं ते अगदी याच शब्दांत सांगतात, कानाच्या पाळीएवढं.

रानमेवा | १३ एप्रिल

वा! मला इटलीतल्या सार्डिनिया बेटावरची 'सु फिलिंदेउ' आठवली. रवा, पाणी, मीठ, एवढंच. पीठ हाताने ओढायचं, दुमडायचं, परत ओढायचं. आठ वेळा दुमडलं की २५६ तारा. त्या गोल ताटावर एकावर एक तीन थर आडवे-तिरपे घालून वाळवतात. लुला गावच्या संत फ्रान्सिस्कोच्या यात्रेत मटणाच्या रश्श्यात घालून यात्रेकरूंना वाढतात. ते करणाऱ्या बायका आता हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या राहिल्या आहेत, पिढ्यान्‌पिढ्या आईकडून लेकीकडेच जायचं म्हणून. चीनच्या लानझोउचे ओढून काढलेले नूडल्स मात्र रोज गल्लोगल्ली होतात, लोक रोज खातात म्हणून कारागीर टिकले.

शिरखुर्मा | १४ एप्रिल

अस्सलाम आलेकुम आणि नमस्कार सगळ्यांना. मी कोल्हापूरचीच, रविवार पेठेची.

आमच्या गल्लीत पाट एकच होता, आमच्या शेजारच्या काकींचा. रमजान उन्हाळ्यात आला की माझी नानी आणि काकी एकत्र बसायच्या. चांद्र वर्ष लहान म्हणून ईद दर वर्षी अकराएक दिवसांनी अलीकडे येते, त्यामुळे शेवयांचा हंगाम आणि ईद जुळायची ती ठरावीक वर्षंच. जुळली की नानी खूश, ताज्या शेवयांचा शिरखुर्मा. नाही जुळली तर डब्यातल्या, कडुनिंबाचा पाला घालून ठेवलेल्या. नानीचा रोजा असायचा, तरी ती तारेच्या बाजूला बसायची. मीठ मात्र काकी चाखून बघायच्या, नानीला चालायचं नाही म्हणून.

नानी गेली, काकी मुलाकडे पुण्याला गेल्या. पाटाचं काय झालं कुणाला ठाऊक नाही. चिखलीची_लेक ताई, तुम्ही बसाल तेव्हा मला बोलवाल का? मला तार झेलता येते. पाटावरचं येत नाही, पण झेलता येते.

उचगाव_स्टॉप | १४ एप्रिल

उत्तम धागा. एक सूचना, आत्तींचा व्हिडिओ करून ठेवा आणि पाट कणेरी मठाच्या संग्रहालयाला द्या. तिथे गावगाड्याचे सगळे कारागीर पुतळ्यांतून उभे केलेत, पाट सुरक्षित राहील. शिवाय कोल्हापुरी गुळाला, चपलेला, आजऱ्याच्या घनसाळ तांदळाला भौगोलिक मानांकन आहे. शेवयांना का मिळू नये?

चिखलीची_लेक | १४ एप्रिल

व्हिडिओ केलाय, तीन तासांचा. तो बघूनच चार वेळा चुकले. त्यात हात दिसतो, दाब दिसत नाही. मानांकनाने नाव राखलं जातं, विकणाऱ्याला भाव येतो, ते चांगलंच. पण माझी तार त्याने निघणार नाही. आणि पाट मी देणार नाही. पुरातून वाचलाय तो.

कागलचा_म्हातारा | १५ एप्रिल

सगळं वाचलं. गहू झाला, मीठ झालं, रेघा झाल्या. मला एक विचारायचं आहे. पोरी, तू चार वेळा करून बघितलंस, तेव्हा समोर कोण बसलं होतं?

चिखलीची_लेक | १५ एप्रिल

कुणी नाही आजोबा. मी एकटीच. तार निघाली की धावत जाऊन धरत होते.

कागलचा_म्हातारा | १५ एप्रिल

मग तुटणारच. ते एकटीचं काम कधी नव्हतंच.

आमच्याकडे शेवया पैऱ्यानं व्हायच्या. शेतात जसा पैरा, आज तुझ्या भांगलणीला मी, उद्या माझ्या भांगलणीला तू, तसाच बायकांचा शेवयांचा पैरा. आज हिच्या सोप्यात, परवा तिच्या. पाच-सहा जणी. दोघी पाटाला, एक पीठ तिंबायला मुसळ घेऊन, एक काठ्यांना, एक म्हातारी नुसती बसून ओरडायला, 'हात जड पडतोय' म्हणून. पाटावरची दमली की जागा बदलायची. पोरी आधी काठ्या न्यायला, मग तार झेलायला, मग दोन-तीन उन्हाळ्यांनी पाटावर. माझी बायको लग्न होऊन आली ती तार झेलणारी म्हणून आली आणि माझ्या आईच्या समोर बसूनच पाटावरची झाली.

माळावरची ताईंच्या आईचं मनगट का गेलं? पैरा मोडला आणि काम एकीवर आलं म्हणून. माझ्या बायकोचंही तसंच झालं शेवटी, म्हणून सांगतो.

तुझ्या धाग्यावर तार झेलणारी एक आलीच आहे. अजून दोघी-तिघी बघ.

माळावरची | १५ एप्रिल

आजोबा, खरं आहे. आई शेवटची आठ-दहा वर्षं एकटीच करायची, मी शाळेत आणि वडील शेतात. तिला आज वाचून दाखवलं. म्हणाली, "आमच्यातली सुंदरा गेली आन्‌ पैरा गेला."

चिखलीची_लेक, आईला घेऊन येऊ का? ती करणार काही नाही. बसून ओरडेल.

चिखलीची_लेक | १५ एप्रिल

या. नक्की या. पत्ता व्यक्तिगत निरोपात पाठवते.

चिखलीची_लेक | ५ मे

धागा वर काढते, कारण ज्यांनी मदत केली त्यांना कळायला हवं.

शनिवारी बसलो. आत्ती, मी, शिरखुर्मा ताई, माळावरची ताई आणि त्यांच्या आई. खपली शिरोळहून आणला, गिरणीपासली दादांनी सांगितल्याप्रमाणे ओलवला, रवा-सपीट धोतराच्या फडक्यातून चाळलं. तीन वाट्या रव्याला एक वाटी सपीट निघालं माप, आत्ती घालत गेली आणि मी तिच्या नकळत वाटीने मोजत गेले. रात्री भिजवलं, सकाळी पाट्यावर वरवंट्याने कुटलं. रेघा फणस_साग_शिसव दादांनी स्वतः येऊन पाडून दिल्या आणि पैसे घेतले नाहीत.

पहिला तास सगळं तुटत होतं. आत्ती पाटावर असली की तार धरायची, मी बसले की तुटायची. माळावरच्या आई खुर्चीत बसून बघत होत्या. मग एकदम म्हणाल्या, "बोटांनी ढकलतीस. बोटं उचल वर. तळव्याचं खालचं मांस हाय न्हवं, अंगठ्याखालचं, त्येवढंच लाव." मी बोटं वर उचलली. गोळा पहिल्यांदाच तळव्याखाली घसरायचा थांबून फिरायला लागला. ते फिरणं हाताला कळलं. खालून शिरखुर्मा ताई म्हणाल्या, "येतेय, येतेय, थांबू नका," आणि तार काठीला लागली. एक पूर्ण काठी भरली, न तुटता.

आत्तीने ती काठी हातात घेतली, उजेडाकडे धरून बघितली आणि म्हणाली, "जाडी हाय. पर शेवई हाय."

दुपारी चारला वळवाचं आभाळ आलं, धूळ उठली. दारं-खिडक्या लावून सगळ्या काठ्या माजघरात नेल्या. सगळ्यांत आधी माळावरच्या आईच उठल्या, डाव्या हातात दोन काठ्या घेऊन. एकूण दीड किलो झाल्या. प्रत्येकीने वाटून नेल्या, दोन मुठी राखून रात्री गुळवणीबरोबर खाल्ल्या.

पुढचा शनिवार माळावरच्या ताईंकडे, सकाळी सातला. त्यांच्या घरी जातं आहे. त्यानंतरचा शनिवार शिरखुर्मा ताईंकडे, रविवार पेठेत. त्यांच्या घरी जागा कमी आहे, म्हणून गच्चीवर ताडपत्रीची सावली करायची ठरलंय. कोल्हापुरातलं कुणी यायचं असेल तर इथे लिहा, पाट मी आणते. तुरकाट्या कमी पडतायत, कुणाच्या रानात तूर निघाली असेल तर सरळ काठ्या बाजूला काढून ठेवा.

कागलचा_म्हातारा | ५ मे

शंभरेक तुरकाट्या आहेत. सोलून ठेवतो. रविवार पेठेच्या वेळी नातीला घेऊन येतो, ती तेरा वर्षांची आहे. काठ्या न्यायला चालेल का?